पुरात भिजलेली काडतुसं निकामी झाली असतील का?

प्रश्न : नारायण पेठेतला आमचा वाडा पुनर्विकासाला दिला आहे. पुढच्या महिन्यात रिकामा करायचा आहे. माळा आवरताना सासऱ्यांचा एक पत्र्याचा डबा निघाला. त्यात बारा बोअरची कागदी पुंगळीची पंधरा-वीस काडतुसं, आठ-दहा पितळी काडतुसं आणि काडतुसांचा चामडी पट्टा आहे. सासरे शेताच्या राखणीसाठी परवान्याची दुनळी बंदूक ठेवत. ते गेल्यावर सासूबाईंनी बंदूक पोलिसांत जमा केली, त्याची पावती आहे. या डब्याचं मात्र कुणाच्या लक्षात राहिलं नाही. 1961च्या पानशेतच्या पुरात डबा पाण्याखाली होता, म्हणून दीर म्हणतात की काडतुसं मेलेली आहेत, मोडीत देऊन टाका. भाचा म्हणतो, होळीत टाकली तर गोळ्या चौफेर सुटतील. शेजारी म्हणतात, उन्हाळ्यात माळ्यावर आपोआप फुटतील. बिल्डरचा माणूस म्हणतो, मुठेत सोडून द्या, पोलिसांत गेलात तर अडकाल. यातलं खरं काय आणि आम्ही करायचं काय? पट्टा आठवण म्हणून ठेवता येईल का?

उत्तर : ताई, बाकी सगळं वाचण्याआधी एवढं करा. डबा आता जिथे आहे तिथेच राहू द्या. काडतुसं मोजायला, पुसायला, फोटोसाठी नीट मांडायला बाहेर काढू नका. माळ्याकडे जाणारा दरवाजा कुलूपबंद करा आणि वाड्यात कामाला येणाऱ्या प्रत्येकाला सांगा की त्या बाजूला गॅस कटर, ड्रिल किंवा घण चालवायचा नाही. घरात मुलं असतील तर किल्ली तुमच्याकडे ठेवा. आता सवडीने एकेका म्हणण्याकडे बघू. तुम्हाला सल्ला देणाऱ्या चौघांपैकी एकाचंही म्हणणं जसंच्या तसं खरं नाही, आणि त्यातलं दिरांचं सर्वांत धोक्याचं आहे.

काडतुसाचे भाग चार. बाहेरची पुंगळी, मग ती कागदाची असो, प्लॅस्टिकची की पितळेची. बुडाच्या मधोमध बसवलेली छोटी टोपी. पुंगळीत भरलेली दारू. आणि तोंडाशी गोळी किंवा छर्रे. बंदुकीतली पिन टोपीवर आदळते, टोपीतलं संवेदनशील रसायन ठिणगी देतं, त्या ठिणगीने दारू पेटते. इथवर बहुतेकांना ठाऊक असतं. पुढची गोष्ट क्वचितच कुणी सांगतं, आणि तुमच्या निम्म्या प्रश्नांचं उत्तर तिच्यातच आहे. गोळीला वेग मिळतो तो दारूमुळे जेवढा, तेवढाच बंदुकीच्या नळीमुळे. काडतुसातली दारू स्फोटकासारखी एका क्षणात फुटत नाही, ती जळते. मोकळ्यावर ती भरभर जळून जाते. पण पोलादी नळीच्या मागच्या टोकाला, म्हणजे चेंबरमध्ये, गॅसला बाहेर जायला वाट नसते. दाब वाढतो. दाब वाढला की हीच दारू आणखी वेगाने जळते, त्याने दाब आणखी वाढतो. हे सगळं सेकंदाच्या हजाराव्या भागांत उरकतं. बारा बोअरमध्ये हा दाब वातावरणाच्या दाबाच्या साधारण 700 पटींपर्यंत जातो, लष्करी रायफलमध्ये 4,000 पटींच्याही वर. हा दाब सहन करायचं काम पोलादाचं. पुंगळी त्या पोलादाला आतून टेकलेली असते म्हणून टिकते, एकटी असती तर दाब त्याच्या कितीतरी आधी तिला फाडून बाहेर पडला असता. दिवाळीत फटाक्याचा कागद सैल झाला की आवाज न होता नुसती सुरसुर होते, तसंच हे.

आता पुराचं. पानशेतचं धरण 12 जुलै 1961 रोजी फुटलं आणि नदीकाठच्या पेठा पाण्याखाली गेल्या, तेव्हापासून भिजलेल्या वस्तूंबद्दल पुण्यातल्या घराघरांत अशा समजुती आहेत. काडतुसाच्या बाबतीत ती समजूत चालत नाही. 1884 मध्ये फ्रान्समध्ये पॉल व्हिएल यांनी बिनधुराची दारू तयार केली, आणि पुढच्या काही दशकांत बहुतेक काडतुसांमध्ये तीच भरली जाऊ लागली. तिचा मुख्य घटक नायट्रोसेल्युलोज. तो पाण्यात विरघळत नाही. उलट कारखान्यांमध्ये आणि वाहतुकीत नायट्रोसेल्युलोज सुरक्षित राहावं म्हणून त्यात वजनाच्या किमान 25 टक्के पाणी मुद्दाम ठेवतात. ते पाणी उडून गेलं की पदार्थ पुन्हा पहिल्याइतकाच ज्वलनशील होतो. टोपीचंही तसंच आहे. टोपीतलं मिश्रण कोरडं असताना हाताळायला फार धोक्याचं, म्हणून कारखान्यात ते ओलं भरतात आणि मग वाळवतात. म्हणजे पाणी हा या रसायनांचा मारेकरी नाही, त्यांना तात्पुरतं थोपवून धरणारा आहे. तुमचा डबा भिजला आणि मग साठ वर्षांहून जास्त काळ माळ्यावर सुकला.

जुन्या काळ्या दारूची गोष्ट थोडी वेगळी. तिच्यात सोरा, गंधक आणि कोळसा असतो, त्यातला सोरा पाण्यात विरघळतो. भिजून सुकलेल्या काळ्या दारूची ढेकळं होतात, ती आधीसारखी समान जळत नाही. पण 'समान जळत नाही' म्हणजे 'जळत नाही' असं कुणी धरू नये. त्या पिढीत पितळी पुंगळ्या घरी किंवा ओळखीच्या माणसाकडून पुन्हा भरून घेण्याची पद्धत होती, त्यामुळे तुमच्या पितळी काडतुसांत नेमकं काय आहे हे बाहेरून कुणालाच सांगता येणार नाही. काही काडतुसांत पाणी शिरलंही नसेल. कागदी पुंगळीला मेणाचा लेप असतो, लष्करी काडतुसांच्या टोपीभोवती आणि तोंडाशी लाखेसारखं रोगण असतं. एकाच डब्यातली पाच काडतुसं खरंच गेलेली, पाच अर्धवट आणि बाकीची चांगली जिवंत, असं सहज असू शकतं. हातात धरून, हलवून, वजन करून फरक कळत नाही.

अर्धवट खराब झालेलं काडतूस तर चांगल्या काडतुसापेक्षा वाईट. कुणी हौसेने असं काडतूस बंदुकीत घालून चाप ओढला तर दोन गोष्टी होऊ शकतात. एक म्हणजे बार उशिरा उडतो. चाप ओढल्यावर काहीच झालं नाही म्हणून माणूस बंदूक उघडतो आणि त्याच क्षणी दारू पेटते, पुंगळी त्याच्या तोंडासमोर फाटते. दुसरी म्हणजे दारू अर्धवट जळते, आवाज पिचका येतो आणि छर्ऱ्यांमागची बुचासारखी चकती नळीत अडकून राहते. ते न बघता दुसरा बार टाकला की नळी फाटते, आणि पुढचा हात नेमका तिथेच असतो. तुमच्याकडे बंदूक नाही हे बरंच आहे. पण गावाकडे कुणा नातेवाइकाकडे परवान्याची बंदूक असेल आणि तो 'मला द्या, मी वापरून संपवतो' म्हणाला, तर त्याला एकही देऊ नका. कायद्यानेही ते चालत नाही.

शेजाऱ्यांची भीती उन्हाळ्याची. पुण्यात मे महिन्यात पारा 40-42 अंशांवर जातो, पत्र्याखालचा माळा त्याहून बराच तापतो. तरी बिनधुराची दारू आपोआप पेटायला 170 अंश सेल्सिअसच्या आसपास तापमान लागतं, टोपीला त्याहूनही जास्त. माळ्यावर काय, उन्हात उभ्या केलेल्या बंद गाडीतही एवढी उष्णता होत नाही. त्यामुळे उन्हाने काडतूस फुटण्याची चिंता नको. उष्णता आणि दमटपणा यांचं खरं काम वेगळं आणि हळू चालणारं आहे. नायट्रोसेल्युलोज वर्षानुवर्षं आतल्या आत विघटन पावतं आणि त्यातून नायट्रोजनची आम्लधर्मी संयुगं बाहेर पडतात. ती शोषून घ्यायला दारूत डायफिनाइलअमाइनसारखं स्थिरीकारक घातलेलं असतं. ते संपलं की विघटनाला वेग येतो. मोठ्या साठ्यात, जिथे पिंपच्या पिंप दारू असते, तिथे या प्रक्रियेची उष्णता साठून आग लागल्याचं जगभर घडलं आहे. डब्यातल्या दोन-तीन डझन काडतुसांत तेवढी उष्णता साठत नाही. पण आम्ल पितळ कुरतडतं, पुंगळीवर हिरवा थर येतो, कागद बुडाशी कुजतो आणि दारू डब्यात सांडते. झाकण उघडलंत तेव्हा आंबूस, नाकाला झोंबणारा वास आला होता का, तळाशी काळे-करडे किंवा हिरवट दाणे दिसले का, एवढं आठवून ठेवा. पोलिसांना ते सांगायचं आहे. खात्री करायला पुन्हा झाकण उघडू नका.

माळ्यावर पारवे किंवा वटवाघळं असतील तर पितळी काडतुसांबाबत आणखी सावध राहा. ब्रिटिश फौजेच्या हिंदुस्थानातल्या पागांमध्ये पावसाळ्यात ठेवलेल्या काडतुसांच्या पितळी पुंगळ्यांना आपोआप चिरा पडत. पुंगळी घडवताना पितळात राहिलेला ताण, हवेतला ओलावा आणि घोड्यांच्या मूत्रातून येणारा अमोनिया हे तिन्ही एकत्र आले की पितळ तडकतं, याचा उलगडा 1921 मध्ये झाला. पक्ष्यांच्या विष्ठेतूनही अमोनिया सुटतो. अशी तडकलेली पुंगळी वरून धड दिसते आणि बोटाच्या दाबाने मोडते. पितळ चकचकीत करायला काही जण अमोनिया असलेला क्लीनर लावतात, तोही काडतुसाला कधीच लावायचा नाही.

भाच्याचं म्हणणं म्हणजे होळीत गोळ्या चौफेर सुटतात. हा गैरसमज सिनेमांनी पक्का करून ठेवला आहे. नळीबाहेर सुटं काडतूस तापलं तर दारू पेटते, मोठा फट्ट असा आवाज होतो, पण दाब धरून ठेवायला पोलाद नाही. कागदी किंवा प्लॅस्टिकची पुंगळी फाटते आणि छर्रे आजूबाजूला सांडतात. पिस्तुलाच्या काडतुसात शिशाची गोळी जड आणि पुंगळी हलकी, म्हणून गोळी जवळपास जागच्या जागी राहते आणि पुंगळीच उडते. रायफलच्या काडतुसात पुंगळी मधेच फाटते. सगळ्यांत जास्त वेगाने उडते ती टोपी आणि पितळाचे कपचे. अमेरिकेतली काडतूस उत्पादकांची संघटना, स्पोर्टिंग आर्म्स अँड अ‍ॅम्युनिशन मॅन्युफॅक्चरर्स इन्स्टिट्यूट, हिने अग्निशमन दलांना दाखवण्यासाठी लाखोंच्या संख्येने काडतुसं मुद्दाम आगीत घालून पाहिली. जवानांच्या जाड संरक्षक पोशाखाने उडालेले तुकडे अडवले.

म्हणून होळीत टाकायला हरकत नाही, असं मात्र नव्हे. होळीभोवती माणसं उभी असतात ती साध्या सुती कपड्यांत, डोळे उघडे ठेवून, मुलांना कडेवर घेऊन. पितळाचा कपचा माणसाच्या छातीत घुसणार नाही, पण डोळा घालवायला तो पुरेसा आहे. शिवाय जळते ओंडके उसळतात, आणि छर्ऱ्यांचं शिसं 327 अंशांवर वितळतं व त्याची राख-धूळ तिथल्याच मातीत राहते. काडतुसं जाळून नष्ट करणं हे बंदिस्त भट्टीत, ठरावीक संख्येने, प्रशिक्षित माणसांनी करायचं काम आहे.

सुट्या काडतुसाबद्दल आम्ही जे सांगितलं, ते बंदुकीत भरलेल्या काडतुसाला अजिबात लागू नाही. घराला आग लागली आणि आत भरलेली बंदूक असेल, तर चेंबरमधलं काडतूस तापून सुटतं आणि गोळी पूर्ण वेगाने, नळीचं तोंड ज्या दिशेला असेल तिकडे जाते. आगीत काडतुसांचा खरा जीवघेणा धोका हाच. दुसरा धोका घट्ट बंद लोखंडी पेटीचा. तिजोरीसारख्या जाड, हवाबंद पेटीत काडतुसं किंवा सुटी दारू असेल तर गॅसला वाट मिळत नाही आणि पेटीच फाटते. बरेच जण 'सुरक्षित' म्हणून अशा वस्तू तिजोरीत ठेवतात. सुटी दारू ठेवायचीच वेळ आली तर जाणकार लाकडी पेटी वापरतात, कारण दाब थोडा वाढताच ती उघडी पडते. तुमचा पत्र्याचा डबा सैल झाकणाचा असेल तर तसाच राहू द्या. चिकटपट्टी गुंडाळून किंवा दुसऱ्या डब्यात कोंबून तो बंद करू नका.

आणि डबा पोलिसांकडे जाण्याआधी वाड्यात खरंच आग लागली, तर विझवायला थांबू नका. सगळ्यांना बाहेर काढा, 101 किंवा 112 वर फोन करा आणि जवान आले की पहिल्या वाक्यात सांगा : काडतुसं आहेत, साधारण इतकी, माळ्यावर अमुक कोपऱ्यात, बंदूक नाही. त्यांना हे कळणं फार उपयोगाचं आहे. दारूच्या रेणूतच ऑक्सिजन असतो, म्हणून वाळू टाकून किंवा कार्बन डायऑक्साइडचा सिलिंडर मारून ती गुदमरत नाही. आग आवाक्यात येते ती भरपूर पाण्याने गार करून. याच कारणाने गोळी पाण्याखाली आणि निर्वात जागेतही सुटू शकते, बाहेरच्या हवेची तिला गरज नसते.

मोडीत देण्याचा विचार मनातून पूर्ण काढून टाका. पितळेला भाव आहे हे खरं, पण भंगाराच्या दुकानात माल हातोडीने ठोकून, पकडीने पिळून वेगळा करतात. टोपी नेमकी अशाच आघातावर पेटण्यासाठी केलेली असते. आणि जिवंत काडतूस नजर चुकवून ओतकामाच्या भट्टीत गेलं तर फट्ट झाल्याबरोबर वितळलेलं पितळ मुशीतून बाहेर उसळतं. पितळ वितळतं 900 अंशांच्या वर. त्या भट्टीपाशी बसलेल्या माणसाला आपल्या माळ्यावरच्या डब्याची काही कल्पना नसते.

मुठेत सोडण्याबद्दल फार लिहायची गरज नाही. पाण्याने काडतूस मरत नाही हे वर आलंच आहे. उन्हाळ्यात पात्र कोरडं पडतं, मुलं तिथे खेळतात, भंगार वेचणारे फिरतात. शिसं पाण्यात आणि गाळात उतरतं. आणि पोलिसांना नदीपात्रात काडतुसं सापडली की तपास सुरू होतो. तुम्ही स्वतः लिहून दिलेला अर्ज आणि नदीतून निघालेला बेवारशी डबा, यांत तुमची बाजू कुठे भक्कम आहे हे त्या बिल्डरच्या माणसाने विचारात घेतलेलं नाही.

कायदा असा. शस्त्र अधिनियम, 1959 नुसार बंदुकीप्रमाणे काडतुसं बाळगायलाही परवाना लागतो. परवानाधारक गेल्यावर किंवा परवाना संपल्यावर ताबा बेकायदा होतो, आणि कलम 21 सांगतं की अशा वस्तू विनाविलंब जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा कराव्यात. विनापरवाना ताब्यासाठी 2019च्या दुरुस्तीनंतर दोन ते पाच वर्षं कैद आणि दंड अशी शिक्षा आहे. हे वाचून घाबरायचं कारण नाही. डबा घरात आहे हे माहीतच नसणं आणि माहीत असून ठेवणं यांत न्यायालयं फरक करतात. विनापरवाना ताब्याचा खटला भरायला जिल्हा दंडाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगीही लागते. पण आता तुम्हाला डबा माहीत झाला आहे, म्हणून इथून पुढचा प्रत्येक आठवडा महत्त्वाचा. वाडा रिकामा करायच्या तारखेपर्यंत थांबू नका, याच आठवड्यात हे करा.

साध्या कागदावर, तुमच्या हद्दीतल्या पोलीस ठाण्याच्या वरिष्ठ पोलीस निरीक्षकांना उद्देशून अर्ज लिहा. मजकूर सरळ असू द्या : 'माझे सासरे (पूर्ण नाव) यांच्या नावे बारा बोअर बंदुकीचा परवाना होता. त्यांचे (तारीख) रोजी निधन झाले. बंदूक (तारीख) रोजी जमा केली असून पावतीची प्रत सोबत जोडली आहे. (तारीख) रोजी घराचा माळा आवरताना जुन्या काडतुसांचा एक पत्र्याचा डबा आढळला. त्यात अंदाजे इतकी कागदी व इतकी पितळी काडतुसे दिसली, पितळी काडतुसांचा प्रकार आम्हाला माहीत नाही. आम्ही ती हाताळलेली नाहीत. डबा पूर्वी पुरात भिजलेला आहे. ती जमा करून घेऊन नियमाप्रमाणे नष्ट करावीत ही विनंती.' डब्याला वास येत असेल, दाणे सांडलेले असतील किंवा हिरवा थर चढला असेल, तर तेही एका ओळीत लिहा.

सोबत सासऱ्यांचा मृत्यू दाखला, असेल तर जुना परवाना, बंदुकीची पावती आणि तुमचं ओळखपत्र यांच्या प्रती जोडा. अर्ज दोन प्रतींत न्या आणि एकीवर आवक शिक्का, तारीख, सही घ्या. डबा मात्र बरोबर नेऊ नका. विनापरवाना काडतुसं रस्त्याने घेऊन जाणं हाही ताबाच, शिवाय स्कूटरच्या डिकीत धक्के बसतात. पोलिसांनीच घरी येऊन पंचनामा करून डबा न्यावा, असं सांगा. काडतुसं फार गंजलेली असतील तर बॉम्ब शोधक व नाशक पथकाला बोलवायचं की नाही ते तेच ठरवतील. पंचनाम्याची प्रत मागून घ्या आणि बंदुकीच्या पावतीजवळ ठेवा. कुणी टोलवाटोलवी केली तर तोच अर्ज पोलीस आयुक्त कार्यालयाच्या शस्त्र परवाना शाखेत द्या. पुणे शहरात परवाना देणारे अधिकारी पोलीस आयुक्त आहेत. ग्रामीण भागातल्या वाचकांनी जिल्हाधिकारी कार्यालयात जावं.

एखाद्या काडतुसाच्या बुडावर 'केएफ' अशी अक्षरं दिसली असतील तर ते खडकीच्या दारूगोळा कारखान्यात तयार झालेलं आहे. 1869 पासूनचा हा कारखाना. म्हणून डबा घेऊन त्याच्या फाटकावर जाऊ नका. पाषाणच्या संरक्षण प्रयोगशाळांकडेही नाही. नागरिकांकडून काडतुसं घेणं हे त्यांचं काम नाही.

ज्यांच्या घरात बंदूकही आहे, अशा वाचकांसाठी थोडं. जुनी दुनळी भिंतीवर वर्षानुवर्षं लटकलेली असते आणि नळीत काडतूस अडकून राहिलेलं असू शकतं. ती भरलेली आहे असंच समजा. नळीचं तोंड कुणाकडे नको, बोट चापाजवळ नको, घोडा ओढून बघणं नको. बंदूक उघडून तपासायचं काम पोलिसांवर किंवा परवानाधारक विक्रेत्यावर सोपवा. परवानाधारक गेल्यावर वारसाला ती ठेवायची असेल तर शस्त्र नियम, 2016 मधल्या नियम 25 खाली वारस म्हणून परवान्यासाठी अर्ज करता येतो, मात्र तोवर बंदूक जमा असली पाहिजे. आणि बारा बोअरच्या डब्यात चुकून वीस बोअरचं काडतूस मिसळलेलं असेल तर ते फार घातक. ते बारीक असल्याने चेंबरमधून पुढे सरकून नळीत अडकतं, मागून बंदूक रिकामी दिसते, वर बारा बोअरचं काडतूस बसतं आणि बार होताच नळी फुटते.

भाच्याला या विषयाची गोडी दिसते, तर त्याच्यासाठी आणखी दोन गोष्टी. गोळी लागली की माणूस मागे फेकला जातो हे खोटं. बारा बोअरचे 32 ग्रॅम छर्रे सेकंदाला 400 मीटर वेगाने गेले तर त्यांचा संवेग, म्हणजे किलोतलं वजन गुणिले वेग, 12.8 होतो, 65 किलोच्या माणसाला त्याने सेकंदाला जेमतेम 20 सेंटिमीटर वेग मिळतो. नाहीतर बंदूक चालवणाराही तेवढाच मागे उडाला असता. पेट्रोलच्या टाकीला गोळी लागून गाडीचा स्फोट होणंही पडद्यावरचंच. पेट्रोलची वाफ हवेत साधारण दीड ते साडेसात टक्के असेल तेव्हाच पेटते, बंद टाकीत तिचं प्रमाण फार जास्त असतं आणि शिशाची गोळी ठिणगी पाडत नाही. टाकीला भोक पडून पेट्रोल गळतं, पुढे ठिणगी मिळाली तर आग लागते. हवेत केलेला गोळीबार मात्र लोक समजतात तसा निरुपद्रवी नाही. परत खाली येणारी रायफलची गोळी सेकंदाला 90 मीटरच्या आसपास वेगाने येते, आणि कातडी फाडायला 60 पुरतात. लग्न-मिरवणुकीतल्या अशा बेफिकीर गोळीबाराला 2019 पासून दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही आहे.

पट्टा खुशाल ठेवा, नुसत्या चामड्याला परवाना लागत नाही. फक्त पंचनाम्याच्या वेळी पोलिसांकडूनच त्याचा प्रत्येक कप्पा तपासून घ्या. कागदी काडतूस फुगून आत चिकटलेलं असेल तर ते ओढून काढायचं नाही, पट्टा तसाच त्यांच्या हाती द्या. रिकाम्या पुंगळ्या सापडल्या तर त्याही देऊन टाका, कारण टोपी उडालेली आहे की नाही हे नवख्याला नीट ओळखता येत नाही. सासऱ्यांच्या जुन्या पिशव्या, कोट आणि ट्रंकांचे खिसेही एकदा बघून घ्या. कोपऱ्यात राहिलेलं एक काडतूस नंतर लोहगाव विमानतळाच्या तपासणीत सापडलं तर प्रवास बाजूला राहतो आणि जबाब द्यावा लागतो.

डबा गेल्यावर माळा झाडू नका. छर्ऱ्यांवरचा पांढरट थर म्हणजे शिशाचे क्षार असतात, झाडूने ते हवेत उडतात आणि श्वासातून शरीरात जातात. मास्क आणि रबरी हातमोजे घालून ओल्या फडक्याने जागा दोनदा पुसा, फडकं व हातमोजे पिशवीत बांधून वेगळे टाका. हात साबण आणि वाहत्या पाण्याने धुवा, सॅनिटायझरने शिसं निघत नाही. त्या दिवशी घातलेले कपडे घरातल्या लहान मुलांच्या कपड्यांपासून वेगळे धुवा.